शके ७१० : आद्य शंकराचार्यांचा जन्मकाल आणि बेळगावची तीन पाने

अद्वैत वेदान्तावरील बहुतेक पाठ्यपुस्तकांत आद्य शंकराचार्यांच्या नावापुढे कंसात ‘७८८–८२०’ असे दोन आकडे छापलेले आढळतात. हे आकडे इतके रूढ झाले आहेत की भारत सरकारनेही १९८८ मध्ये याच गणनेस धरून आचार्यांची बाराशेवी जयंती साजरी केली. उपनिषदांवरील भाष्याचा अभ्यास करणारा जिज्ञासू या आकड्यांवरून सहज पुढे जातो. ते आले कोठून, असा प्रश्न त्याच्या मनात क्वचितच उद्भवतो. आचार्यांचा जन्म केरळातील कालडीचा, पीठे चार दिशांस, समाधीचे स्थान परंपरेने हिमालयात सांगितलेले. परंतु त्यांच्या जन्मशकाला आधुनिक विद्वानांच्या दरबारी उभे केले ते मराठी-कानडी सीमेवरच्या बेळगावने.

काशिनाथ बापूजी पाठक (१८५०–१९३२) हे त्या वेळी बेळगावास होते. पुढे पुण्याच्या डेक्कन कॉलेजात संस्कृतचे अध्यापक म्हणून त्यांची कीर्ती झाली. ‘कविराजमार्ग’ हा जुना कन्नड ग्रंथ त्यांनी संपादून १८९८ मध्ये प्रसिद्ध केला, आणि जिनसेनाच्या ‘पार्श्वाभ्युदया’त गुंफलेल्या पाठावरून कालिदासाच्या ‘मेघदूता’ची चिकित्सा केली. मराठी, कन्नड आणि संस्कृत या तिन्ही भाषांत सारख्याच सहजतेने वावरणारा, ब्राह्मणी ग्रंथांइतकाच जैन ग्रंथांचा शोध घेणारा असा पंडित सीमाभागातच निपजावा, हे स्वाभाविक होय. १८८२ साली ‘इंडियन अँटिक्वेरी’ या नियतकालिकाच्या अकराव्या खंडात त्यांनी एक अगदी लहान लेख लिहिला. बेळगावातील एका गृहस्थाच्या संग्रही बाळबोध लिपीत लिहिलेली तीन पानांची एक पोथी त्यांना मिळाली होती. तीत शंकराचार्यांच्या जन्माचे व निर्याणाचे वर्ष दिलेले होते.

ही वर्षे आकड्यांत नव्हेत, शब्दांत दिलेली होती. भूतसंख्येची ही पद्धत जुन्या ज्योतिषग्रंथांत व शिलालेखांत सर्रास आढळते. निधी नऊ, नाग आठ, इभ म्हणजे हत्ती, तेही आठ, आणि वह्नी तीन. अंकांची गती उजवीकडून डावीकडे धरावयाची, म्हणजे कलियुगाचे वर्ष ३८८९ येते. त्यातून ३१०१ वजा केले की इसवी सन ७८८, म्हणजेच शके ७१०. निर्याणाचे वर्ष चंद्र, नेत्र, अंक, वह्नी या शब्दांनी सांगितले आहे : १, २, ९, ३, म्हणजे कली ३९२१, इसवी सन ८२०. जन्माच्या वर्षी विभव नाम संवत्सर होते असेही पोथी सांगते, आणि दक्षिणेच्या गणनेप्रमाणे शके ७१० ला विभव संवत्सरच येते. गणित बिनचूक आहे.

परंतु गणित जुळले म्हणजे घटना सिद्ध झाली असे नव्हे. मागाहून श्लोक रचणाऱ्यालाही पंचांग येत असते. शिवाय या दोन वर्षांतील अंतर नेमके बत्तीस आहे. आठव्या वर्षी वेद, बाराव्या वर्षी सर्व शास्त्रे, सोळाव्या वर्षी भाष्य आणि बत्तिसाव्या वर्षी निर्याण, अशी आचार्यांच्या आयुष्याची जी मांडणी परंपरेने केली आहे, तीतील प्रत्येक आकड्याला चाराने नि:शेष भाग जातो. असे चौकोनी आयुष्य भक्ताच्या मनाला रुचते. इतिहासकाराने मात्र एवढेच ओळखावयाचे की जन्मवर्ष आणि निर्याणवर्ष हे दोन स्वतंत्र पुरावे नसून एकातून दुसरे काढलेले असण्याचा संभव मोठा आहे. म्हणजे आधार उरतो तो एकाच आकड्याचा.

तो आकडा केवळ बेळगावच्या पोथीतच होता असेही नाही. यज्ञेश्वर भट्टांच्या ‘आर्यविद्यासुधाकर’ या ग्रंथात भट्ट नीलकंठाच्या ‘शंकरमंदारसौरभा’तील एक वचन उद्धृत केले आहे, आणि त्यातही कली ३८८९ हेच वर्ष आहे. डच पंडित टीले यांच्या धर्मेतिहासाच्या रूपरेषेचे इंग्रजी भाषांतर १८७७ मध्ये निघाले. त्यातही ७८८ हे साल होते. तेव्हा पाठकांनी एखादी नवी दंतकथा उजेडात आणली नाही. आधीच वाहत असलेल्या एका परंपरेला त्यांनी हस्तलिखिताचा आधार दिला, आणि संशोधकांच्या नियतकालिकात ती छापली गेल्यामुळे तिला प्रमाणपत्र मिळाले. मॅक्सम्युलरसारख्यांनी ती उचलली. नंतर एका ग्रंथातून दुसऱ्यात जाता जाता ‘परंपरा असे सांगते’ हे शब्द गळून पडले आणि उरले ते केवळ आकडे.

समकालीन विद्वानांनी मात्र ते मुकाट्याने स्वीकारले नव्हते. मुंबईचे न्यायमूर्ती काशिनाथ त्र्यंबक तेलंग यांनी आचार्यांचा काल त्यांच्या भाष्यातूनच काढण्याचा प्रयत्न केला. ब्रह्मसूत्रभाष्याच्या दुसऱ्या अध्यायात, उत्पत्तीपूर्वी कार्य असत् होते या मताचे खंडन करताना आचार्य विचारतात की जे मुळातच नाही त्याला ‘आधी’ ही कालमर्यादा लागणार कशी? पूर्णवर्म्याच्या राज्याभिषेकाआधी वंध्यापुत्र राजा होता, असे म्हणण्यासारखे ते होईल. हा पूर्णवर्मा म्हणजे चिनी यात्रेकरू ह्युएनत्संगाने उल्लेखिलेला, शशांकाने तोडलेल्या बोधिवृक्षाचे पुन्हा संगोपन करणारा मगधाचा राजा, असे तेलंगांचे प्रतिपादन होते. त्यावरून त्यांनी आचार्यांना सहाव्या शतकाच्या उत्तरार्धात नेले. भाष्यात अन्यत्र स्रुघ्नाहून मथुरेस आणि मथुरेहून पाटलिपुत्रास जाणाऱ्या वाटसरूचा दृष्टान्त येतो. त्यावरून त्या काळी पाटलिपुत्र नांदते होते, असेही त्यांनी सुचविले. युक्तिवाद मोठा मोहक आहे. मात्र स्रुघ्न आणि पाटलिपुत्र ही नावे पतंजलीच्या महाभाष्यापासून वैयाकरणांच्या उदाहरणांत रुळलेली आहेत. मराठीत ‘गोमाजी’ आणि ‘तिमाजी’ म्हटल्याने त्या नावाची माणसे शेजारी राहत होती असे ठरत नाही, तसेच हे. पूर्णवर्मा हेही एखादे असेच पाठीमागून चालत आलेले नाव नसेल, याची हमी कोण देणार?

रामकृष्ण गोपाळ भांडारकरांनी दुसरा मार्ग धरला. ‘संक्षेपशारीरक’ या ग्रंथाच्या शेवटी सर्वज्ञात्ममुनींनी आपल्या काळच्या राजाचा उल्लेख मनुकुलादित्य असा केला आहे. ‘आदित्य’ हा शब्द बदामीच्या चालुक्यांच्या नावांत वारंवार येतो. सर्वज्ञात्मे हे सुरेश्वराचार्यांचे शिष्य व सुरेश्वर हे शंकराचार्यांचे, असे धरले तर आचार्यांचा काल इ. स. ६८० च्या आसपास येतो. या उपपत्तीची मदार सर्वज्ञात्म्यांनी गुरू म्हणून सांगितलेले देवेश्वर म्हणजेच सुरेश्वर, या समजुतीवर आहे. आणि ती समजूतच पुढे वादग्रस्त ठरली.

लोकमान्य टिळकांनी ‘गीतारहस्या’त (१९१५) या प्रश्नाला निराळीच कलाटणी दिली. महानुभाव पंथाच्या ‘दर्शनप्रकाश’ या ग्रंथात आचार्यांच्या गुहाप्रवेशाचे वर्ष युग्म, पयोधी, रस या शब्दांनी, म्हणजे शके ६४२ असे दिलेले त्यांना आढळले. त्या वेळी वय बत्तीस धरून जन्म शके ६१०, म्हणजे इसवी सन ६८८ येतो. आणि हाच काल अधिक सयुक्तिक आहे असा त्यांनी अभिप्राय दिला. रूढ कालाला शंभर वर्षे मागे नेणारा हा पुरावा अद्वैत्यांच्या मठातून न मिळता द्वैती महानुभावांच्या पोथीतून मिळावा, यात एक मौज आहे. सांप्रदायिक अभिमानाचा संशय येथे तरी घेता येत नाही.

अशा रीतीने एका आचार्याचे तीन-चार काल पुढे आले, आणि त्यांपैकी प्रत्येक कोणत्या ना कोणत्या नावावर किंवा शब्दांकावर टेकलेला होता. या कोंडीतून वाट काढली तीही पाठकांनीच. परंतु ती तीन पाने बाजूला ठेवून. रॉयल एशियाटिक सोसायटीच्या मुंबई शाखेच्या नियतकालिकाच्या अठराव्या खंडात (१८९०–९४) धर्मकीर्ती आणि शंकराचार्य यांवर त्यांचा लेख आहे. सुरेश्वराचार्यांच्या बृहदारण्यकवार्तिकात बौद्ध नैयायिक धर्मकीर्तीचे नाव घेऊन त्याच्या मताचा परामर्श घेतलेला आहे. खुद्द आचार्यांच्या ‘उपदेशसाहस्री’तही धर्मकीर्तीचा एक श्लोक पूर्वपक्ष म्हणून आलेला आहे. ह्युएनत्संगाच्या वृत्तान्तात धर्मकीर्तीचे नाव नाही, इ. स. ६७१ मध्ये चीनहून निघून हिंदुस्थानात आलेल्या इत्सिंगाच्या वृत्तान्तात ते आहे. त्यावरून धर्मकीर्तीला सामान्यत: सातव्या शतकात ठेवतात, अलीकडे काही विद्वान त्याला सहाव्या शतकाच्या मध्यापर्यंत मागे नेतात. काही झाले तरी शंकराचार्य त्याच्या नंतरचे. ही मर्यादा शंभराहून अधिक वर्षे टिकून आहे.

पाठकांची दुसरी एक मांडणी मात्र टिकली नाही. इत्सिंगाने भर्तृहरीचा मृत्यू आपल्या लेखनापूर्वी चाळीस वर्षे, म्हणजे ६५१ च्या सुमारास झाल्याचे लिहिले होते. कुमारिल भट्ट भर्तृहरीच्या ‘वाक्यपदीया’चा आधार घेऊन त्याच्यावर टीका करतात, म्हणून कुमारिल आठव्या शतकाच्या पूर्वार्धातले आणि शंकराचार्य त्याच्याही नंतरचे, अशी ती साखळी होती. बेळगावच्या ७८८ ला तिने चांगला टेकू दिला. पुढे दिङ्नागाच्या ग्रंथांत भर्तृहरीच्या कारिका उद्धृत झालेल्या आढळल्या, आणि भर्तृहरी एकदम पाचव्या शतकात गेला. साखळीची पहिलीच कडी निसटल्यावर ७८८ चा टेकूही गेला. आकडा मात्र पाठ्यपुस्तकांत तसाच राहिला.

दुसऱ्या बाजूची मर्यादा वाचस्पतिमिश्रांची. त्यांची ‘भामती’ ही शांकरभाष्यावरील टीका. त्यांनी ‘न्यायसूचीनिबंधा’त रचनेचे वर्ष वसु, अंक, वसु म्हणजे ८९८ असे दिले आहे; पण हा आकडा विक्रमाचा की शालिवाहनाचा, हे सांगितलेले नाही. विक्रम संवत् धरला तर इसवी सन ८४१, शक धरला तर ९७६. उदयनाचार्यांनी ‘लक्षणावली’त आपला काल शके ९०६, म्हणजे इसवी सन ९८४ असा दिला आहे, आणि त्यांनी वाचस्पतींच्या ‘तात्पर्यटीके’वर परिशुद्धी लिहिली. दोघांत अवघ्या आठ वर्षांचे अंतर पडणे बहुतेकांना अवघड वाटते. म्हणून ८४१ हेच साल सामान्यत: ग्राह्य मानले जाते. तसे मानले आणि बेळगावच्या पोथीप्रमाणे ८२० मध्ये आचार्यांचे निर्याण झाले असे धरले, तर मधल्या एकवीस वर्षांत पद्मपाद आणि सुरेश्वर यांची ग्रंथरचना, भाष्याचा देशभर प्रसार, भास्कराचार्यांनी त्यावर घेतलेले तीव्र आक्षेप आणि त्या आक्षेपांना वाचस्पतींनी दिलेली उत्तरे, एवढे सारे बसवावे लागते. मिथिलेच्या पंडिताने दक्षिणेतल्या संन्याशाच्या भाष्याला इतक्या लवकर प्रमाणग्रंथाचा मान द्यावा, हे अशक्य नाही. संभवनीय मात्र कमी. हाजिमे नाकामुरा या जपानी पंडितांनी म्हणूनच आचार्यांना साधारणत: इ. स. ७०० ते ७५० या पन्नास वर्षांत ठेवले, आणि आजच्या अभ्यासकांचा कल पुष्कळसा तिकडे आहे. टिळकांनी महानुभावांच्या पोथीतून काढलेले वर्ष या पट्ट्याच्या उंबरठ्यावर येते, हे लक्षात घेण्यासारखे आहे.

जुन्या कालाच्या बाजूने एक दूरदेशीचा साक्षीदार उभा केला जातो. कंबोजातील प्रासात कांडोल डोम येथील शिलालेखात राजा पहिला इंद्रवर्मा (८७७–८८९) याचा गुरू शिवसोम याने भगवान शंकरांकडून शास्त्रे अध्ययन केल्याचे लिहिले आहे, आणि त्या शंकरांच्या चरणी सर्व विद्वानांची मस्तके नम्र होत असे वर्णन आहे. समुद्रापलीकडे असा उल्लेख सापडल्याने अनेकांना आनंद झाला. पण इंद्रवर्म्याचा गुरू ८२० पूर्वी भारतात शिकून गेला असे मानले तर तो राजगुरू झाला तेव्हा त्याचे वय फारच वाढलेले असणार. आणि शंकर हे नाव एकाच आचार्याचे होते असेही नव्हे. मठाधिपतींना शंकराचार्य म्हणण्याच्या परिपाठाने तर हा गोंधळ आणखी वाढविला आहे. कांचीच्या परंपरेत ७८८ हे वर्ष आद्यांचे न मानता नंतरच्या अभिनवशंकर नामक पीठाधीशांचे मानले जाते, ते याच कारणाने.

कांचीप्रमाणेच द्वारकेची परंपराही आद्य आचार्यांना ख्रिस्तपूर्व सहाव्या शतकाच्या अखेरीस नेते. या गणनांचा उपहास करण्याचे कारण नाही. गुरुपरंपरेची यादी हे मुळात इतिहासाचे टिपण नसून ज्ञानाचा वारसा अखंड आहे याचे प्रतिज्ञापत्र असते. नित्य पठणात ती म्हटली जाते, तपासली जात नाही. अडचण निर्माण होते ती यादीतील वर्ष हाती घेऊन भाष्य वाचावयास बसल्यावर.

ब्रह्मसूत्रांच्या दुसऱ्या अध्यायाच्या दुसऱ्या पादाला तर्कपाद म्हणतात. तेथे आचार्य बौद्धांच्या तीन पक्षांचा समाचार घेतात : बाह्य जगत् मानणारे सर्वास्तिवादी, केवळ विज्ञान मानणारे विज्ञानवादी, आणि शून्यवादी. विज्ञानवाद्याचा पूर्वपक्ष त्यांनी मोठ्या प्रामाणिकपणे मांडला आहे. निळा रंग आणि निळ्याचे ज्ञान ही दोन नेहमी बरोबरच उपलब्ध होतात, एकावाचून दुसरे कधी सापडत नाही, म्हणून ती वेगळी नव्हेत. हा ‘सहोपलंभनियम’ धर्मकीर्तीचा. आतले ज्ञेय रूपच बाहेर असल्यासारखे भासते, हे वचन दिङ्नागाचे. आचार्यांची उत्तरे साधी आणि रोखठोक आहेत. खांब किंवा भिंत पाहणारा कोणीही आपण ज्ञान पाहत आहो असे समजत नाही. तो खांबच पाहतो. ज्ञान आणि वस्तू बरोबर आढळतात, कारण ज्ञान हे वस्तू कळण्याचे साधन आहे; साधन आणि साध्य सोबत असली म्हणून एक होत नाहीत. आणि ‘बाहेर असल्यासारखे’ म्हणणाऱ्याने ‘बाहेर’ म्हणजे काय हे आधीच मान्य केलेले असते. विष्णुमित्र वंध्यापुत्रासारखा दिसतो असे कोणी म्हणत नाही. पुढच्याच सूत्रावर ते जागृती आणि स्वप्न यांतील भेद सांगतात : स्वप्नातले जागेपणी बाधित होते, जागेपणी पाहिलेला खांब तसा कोणत्याही अवस्थेत बाधित होत नाही.

अद्वैत म्हणजे ‘सारे जग स्वप्न’ एवढेच ऐकलेला वाचक या ठिकाणी थबकतो. गौडपादाचार्यांच्या कारिकांत जागृती आणि स्वप्न यांचे साम्य वाचून आलेल्याला तर हा वेगळाच ग्रंथकार वाटतो. त्याचे समाधान एकाच गोष्टीने होते : आचार्य येथे कोणाशी बोलत आहेत हे कळल्याने. ब्रह्मज्ञानाने जगाचा बाध होतो हा सिद्धान्त त्यांनी सोडलेला नाही. पण व्यवहाराच्या पातळीवर वस्तू ज्ञानाहून वेगळी आहे, हे धर्मकीर्तीच्या अनुयायांपुढे ठामपणे मांडल्यावाचून आत्मा हा क्षणिक विज्ञानाहून निराळा साक्षी आहे, हे त्यांना सिद्ध करता येत नव्हते. ख्रिस्तपूर्व सहाव्या शतकात बसविलेल्या शंकराचार्यांना हा प्रतिपक्षीच मिळत नाही. मग तर्कपाद हा आपल्या काळच्या बलाढ्य बुद्धिवंतांशी केलेला वाद न राहता भविष्यवाणी होऊन बसतो, आणि भाष्यातला जिवंत ताण वाचकाच्या हातून निसटतो. ७८८ की ७००, हा ऐंशी-नव्वद वर्षांचा वाद त्यामानाने गौण आहे; त्याने तर्कपादाच्या अर्थात फरक पडत नाही. धर्मकीर्तीच्या आधी की नंतर, हा प्रश्न मात्र अर्थाचा आहे, आणि त्याचे उत्तर पाठकांना तीन पानांच्या पोथीत नव्हे, वार्तिकाच्या ओळींत सापडले.

आचार्यांनी स्वत: आपल्या काळाविषयी काही सांगितलेले नाही. जन्मग्राम, मातापिता, राजा, शक यांपैकी कशाचाही उल्लेख त्यांच्या प्रस्थानत्रयीवरील भाष्यांत नाही. राजांची म्हणून जी नावे येतात ती पूर्णवर्म्यासारखी, दृष्टान्तापुरती. चौथ्या अध्यायात, देह सोडलेल्या उपासकाचा अर्चिरादी मार्ग समजावून देताना, वाट विचारणाऱ्या प्रवाशाला लोक कसे सांगतात याचे उदाहरण ते देतात : येथून बलवर्म्याकडे जा, तेथून जयसिंहाकडे, तेथून कृष्णगुप्ताकडे. जयसिंह हे नाव बदामीच्या चालुक्य घराण्यात एकाहून अधिक वेळा आले आहे, आणि त्याचा धागा धरून विद्वानांनी या तिन्ही राजांचा शोध घेऊन पाहिला. तिघे एका काळात मिळाले नाहीत.